शनिवारवाड्यातला तुझा प्रश्न

प्रिय सई,

ऑगस्टमध्ये शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाज्यापाशी तू विचारलंस, "पेशवा म्हणजे पंतप्रधान ना? मग पंतप्रधानाचा मुलगाच पंतप्रधान कसा? आणि तुम्हाला ह्याचा अभिमान का वाटतो?" मी "घरी गेल्यावर सांगते" म्हणून वेळ मारून नेली. इंग्लंडला, रेडिंगला परत आलो, तरी तुझं ते 'तुम्हाला' मनातून जात नाही. 'आपल्याला' म्हणाली असतीस तर कदाचित इतकं लागलं नसतं.

१९८४ची दिवाळी होऊन आठवडा झाला होता. सदाशिव पेठेतल्या वाड्याच्या चौकात आमचा किल्ला अजून उभा होता. पोत्यावर माती लिंपलेली, अळीव बोटभर उगवलेले, वर सिंहासनावर महाराज. ३१ ऑक्टोबरला इंदिरा गांधींची बातमी आली आणि सगळे बिऱ्हाडकरू अण्णांच्या रेडिओभोवती जमले. संध्याकाळी राजीव गांधींचा शपथविधीही उरकला. अण्णा म्हणाले, "नेहरू गेले तेव्हा नंदांना हंगामी बसवलं, मग पक्षानं शास्त्रींना नेता निवडलं. तेरा दिवस लागले. आज एक दिवससुद्धा थांबले नाहीत."

मी आठ वर्षांची. म्हटलं, "पण अण्णा, सवाई माधवरावांना तर चाळीस दिवसांचे असताना वस्त्रं मिळाली ना?"

ही गोष्ट अण्णांचीच. नारायणरावांचा वाड्यात झालेला खून, पुरंदरावर जन्मलेलं बाळ, नाना फडणवीस आणि बाळाच्या बाजूनं उभे राहिलेले बारभाई कारभारी, साताऱ्याहून छत्रपतींकडून आलेली पेशवाईची वस्त्रं... सांगताना त्यांचा आवाज भरून यायचा. त्या दिवशी मात्र ते काहीच बोलले नाहीत. तांब्या घेऊन उठले आणि किल्ल्यावरच्या अळिवांवर पाणी शिंपडत बसले.

शिवाजी महाराजांच्या अष्टप्रधानांत पद वारशानं मिळत नव्हतं, हे मी तुला मुद्दाम सांगते. पेशवेपद घराण्यात राहिलं ते १७१३ला बाळाजी विश्वनाथांना मिळाल्यानंतर. बाजीराव विसाव्या वर्षी पेशवा झाला, थोरले माधवराव सोळाव्या. दोघंही असे निघाले की आजही ऊर भरून येतो, आणि ते मी लपवणार नाही. पण त्याच घरात, नारायणरावांच्या खुनाचा ठपका ज्यांच्यावर आला ते काका रघुनाथरावही होते. माणूस कसा निघेल ह्यावर राज्य सोडून द्यावं का, ह्याचं उत्तर माझ्यापाशी नाही.

तू म्हणशील, इथे २०२२मध्ये तीन पंतप्रधान झाले आणि कुणीच कुणाचा मुलगा नव्हता. खरं आहे. इथेही राजा बोलावून नेमतो, पण संसदेच्या कॉमन्स सभागृहात बहुमत टिकलं तरच. आपल्याकडेही राष्ट्रपती नेमतात आणि लोकसभा मोजते. १९९९च्या एप्रिलमध्ये अटलजींचं सरकार एका मतानं पडलं. अण्णांना अटलजी फार आवडायचे. टीव्ही बंद करून ते कालनिर्णयपाशी गेले आणि त्या तारखेच्या चौकोनात पेन्सिलीनं '२६९–२७०' लिहिलं. मला म्हणाले, "पोरी, तू किल्ल्यापाशी विचारलेलंस, आठवतं?" एवढंच. ते पान मी इथे घेऊन आलेय, पुस्तकांच्या कपाटात आहे. कधी वाटलं तर बघ.

ह्या दिवाळीत मागच्या अंगणात किल्ला करावा असं मनात आहे. शाळेत तू कापसावर क्रेस उगवलं होतंस ना, तेच आपले अळीव. बियांचं पाकीट आणून ठेवलंय. तुला हवं असेल तरच.

तुझी,
आई