कायमच्या खर्चाला कायमचे उत्पन्न

प्रश्न : आमच्या नौपाड्यात आठवड्यातील राजकीय व आर्थिक घडामोडींवर परिसंवाद झाला. सर्व वक्ते उजव्या विचारांचे होते. ‘लाडकी बहीण’ योजनेमुळे राज्य कर्जबाजारी होईल, असे त्यांनी एकमुखाने सांगितले. मात्र उद्योगांना करात आणि पुनर्विकासाला मुद्रांक शुल्कात सवलत द्यावी, असा आग्रहही धरला. काटकसर गरिबांच्याच वाट्याला का?
— एक वाचक, ठाणे

उत्तर : शासनाने जपून खर्च करावा, या मताचा मी स्वतः आहे, आणि म्हणूनच तुमची शंका मला रास्त वाटते.

वक्त्यांची चिंता निराधार नाही. राज्याच्या २०२५-२६ च्या अर्थसंकल्पात या योजनेसाठी ३६,००० कोटी रुपयांची तरतूद होती आणि महसुली तूट ४५,८९१ कोटींची अंदाजली होती. महसुली तूट म्हणजे पगार, निवृत्तिवेतन, व्याज, अनुदाने हा नित्याचा खर्चही उत्पन्नातून न भागणे. कर्ज काढून पूल बांधला तर पूल तरी उरतो. नित्याच्या खर्चासाठी काढलेल्या कर्जाचे मागे व्याजच राहते.

पण म्हणून गरिबांना मदतच नको, हा निष्कर्ष चुकीचा आहे. नोकरदाराच्या पगारपत्रकावर व्यवसाय कराचे दरमहा २०० आणि फेब्रुवारीत ३०० रुपये कापलेले दिसतात. हा कर १९७५ साली लागू झाला तो रोजगार हमी योजनेसाठी. विधान परिषदेचे तत्कालीन सभापती वि. स. पागे यांच्या प्रयत्नांतून उभ्या राहिलेल्या आणि १९७७ साली कायद्याचे रूप मिळालेल्या या योजनेत शहरातील पगारदाराने खेड्यातील मजुराच्या कामाचा भार उचलावा आणि जमलेल्या रकमेइतकीच भर राज्याने घालावी, अशी उघड व्यवस्था होती. पैसा कोणाकडून येणार, हे आधी सांगण्याचे धैर्य त्या वेळच्या राज्यकर्त्यांनी दाखवले. ‘लाडकी बहीण’च्या दरमहा १,५०० रुपयांमागे असा स्वतंत्र स्रोत नाही, हा माझा खरा आक्षेप आहे, रक्कम भगिनींच्या हाती जाते, यावर मुळीच नाही.

हाच निकष सवलतींनाही लावला पाहिजे, कारण सोडून दिलेला कर हाही तिजोरीच्या दृष्टीने खर्चच असतो. राजाजी आणि मिनू मसानी यांनी १९५९ साली स्थापलेल्या ‘स्वतंत्र’ या उजव्या विचारांच्या पक्षाने परमिट-लायसन्स राज्याला, म्हणजे उद्योगांना सरकारी परवान्यांची सक्ती करणाऱ्या व्यवस्थेला, विरोध केला, तो शासनाने मर्जीतल्यांवर मेहेरबानी करू नये म्हणूनही. पुढच्या परिसंवादात तुम्ही उभे राहून वक्त्यांना एवढेच विचारा, की मुद्रांक शुल्कातील सवलतीने बुडणारे उत्पन्न कोणत्या करातून किंवा कोणत्या खर्चकपातीतून भरून काढायचे.