घर की तुफान?

प्रिय सोनू,

काल तू विचारलंस, ‘नटसम्राट’मधलं ‘घर देता का घर’ हे एकच वाक्य नाटकात डॉ. लागू एका तऱ्हेने म्हणतात, सिनेमात नाना पाटेकर दुसऱ्याच, मग बरोबर कोण? आणि शेवट माहीत असताना आपली माणसं तेच नाटक परत परत का बघतात?

गोष्ट तुला माहीत आहे. गणपतराव बेलवलकर सगळं मुलांना वाटून देतात आणि स्वतः बेघर होतात. शिरवाडकरांनी शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’वरून कथेचं सूत्र घेतलं, पण राजाच्या जागी म्हातारा नट उभा केला. पहिला प्रयोग 1970 च्या डिसेंबरात झाला, तेव्हा लागू गणपतराव होते. पुढे दत्ता भट, सतीश दुभाषी, यशवंत दत्त यांनीही ती भूमिका केली.

मी पहिले गणपतराव पाहिले ते अमळनेरला, गणपतीच्या मांडवात. बँकेतले एक कॅशियरकाका होते. ‘कुणी घर देता का घर? एका तुफानाला कुणी घर देता का?’ यातलं ‘घर’ त्यांनी इतकं केविलवाणं म्हटलं, की बायकांनी पदर डोळ्यांना लावले. दोन वर्षांनी शाळेतल्या एका सरांनी तेच केलं. त्यांनी ‘घर’ भराभर उरकलं आणि ‘तुफाना’वर थांबले. मांडव गप्प. (माईकही मध्येच बंद पडला होता, पण सरांना त्याची गरज नव्हती.)

एकजण भीक मागत होता, दुसरा स्वतःची ओळख सांगत होता. शब्द तेच. म्हणून लोक परत जातात. पुढे काय होणार ते पाठच असतं, हा नट कुठे थांबतो ते बघायचं असतं.

लागूंना मी फक्त व्हिडिओवर पाहिलं. ते रडत नाहीत, रडू दाबतात, आणि मला तेच जास्त लागतं. नानांच्या गणपतरावांत दुःखाच्या आधी राग येतो. तुला ते आवडले, कारण तू चौदा वर्षांची आहेस! मलाही त्या वयात कॅशियरकाका फार रडके वाटले होते.

तुझ्या आजीचं मत वेगळंच. सरांचा प्रयोग बघून घरी येताना ती म्हणाली, “त्याले घर नई, आयकनारा जोयजे.” घर नको, ऐकणारा हवा. असा गणपतराव अजून कुणी केलेला मी पाहिला नाही.

रविवारी फोन कर तिला. सरांची नक्कल झकास करते. फक्त तिथले रात्रीचे नऊ वाजायच्या आत कर, नंतर ती झोपते.

तुझा,
बाबा