नोम्वूला म्हणजे पावसातली, आणि तिच्या बहिणीचं नाव नकुशी नाही

प्रश्न : ताई नमस्कार. माझा मुलगा आणि सून दक्षिण आफ्रिकेत डर्बनला असतात. नात तिथल्या पाळणाघरात जाते आणि तिची सगळ्यात लाडकी मैत्रीण म्हणजे नोम्वुला, झुलू आहे ती, व्हिडिओ कॉल केला की अर्धा वेळ तिचंच नाव. मी दिवाळीनंतर तिकडे जाणार आहे तर त्या लेकराला नीट नावाने हाक मारता यावी असं मनापासून वाटतं. त्या नावाचा अर्थ काय, एखाद्या देवीचं नाव आहे का? आणि अजून एक. तिला तीन मोठ्या बहिणी आहेत, त्यातल्या धाकटीचं नाव न्तोंबिझोद्वा, सून म्हणाली त्याचा अर्थ 'नुसत्या मुलीच'. मला एकदम आपल्याकडची नकुशी आठवली आणि फार वाईट वाटलं. ते तसंच आहे का?
– एक आजी, डोंबिवली

उत्तर : आजी, तुमचं पत्र वाचून खूप बरं वाटलं, नातीच्या मैत्रिणीचं नाव नीट म्हणता यावं म्हणून कुणी पत्र लिहितं हेच किती छान आहे.

आधी अर्थ सांगते. झुलू भाषेत पाऊस म्हणजे इम्वुला. पुढे जो 'नो' लागलाय तो मुलींच्या नावांना लागतो, आई ह्या अर्थाच्या जुन्या शब्दाशी त्याचं नातं सांगतात, म्हणून नावांच्या याद्यांमध्ये तुम्हाला 'पावसाची आई' असा अर्थ सापडेल, पण एखाद्या झुलू घरात विचारलंत तर ते सरळ सांगतील की ही झाली तेव्हा पाऊस पडत होता. तोच खरा अर्थ धरा. हा 'नो' एकदा ओळखीचा झाला की निम्म्या मुलींची नावं आपली आपणच उलगडतात, सिफो म्हणजे भेट हे मुलाचं नाव आणि नोसिफो मुलीचं, थेंबा म्हणजे आशा आणि मुलगी असेल तर नोमाथेंबा, नोकुथुला म्हणजे शांतता, नोमालांगा म्हणजे लख्ख ऊन असताना झालेली, नोमासोंतो बहुतेक वेळा रविवारी झालेली.

आता पाऊसच का, तर तुमचं डर्बन ज्यात येतं तो क्वाझुलू-नाताल हा सगळा प्रांत उन्हाळी पावसाचा, साधारण ऑक्टोबर ते मार्च पाऊस आणि आपल्याकडे धो धो असतो त्या जून-जुलैत तिकडे कोरडी थंडी. तुम्ही दिवाळीनंतर जाताय म्हणजे अगदी तिकडच्या पावसातच पोचाल, छत्री बॅगेत वरच ठेवा. ह्या लोकांचं सगळं आयुष्य गुरं आणि मका-ज्वारीवर उभं राहिलेलं, त्यात मधूनमधून दुष्काळ, त्यामुळे बाळ जन्मताना पाऊस आला तर तो चांगलाच शकुन. आणि गंमत बघा, झुलू ह्या शब्दाचाच अर्थ आकाश, अमाझुलू म्हणजे आकाशाची माणसं, आणि पाऊस पडायला लागला की म्हणतात 'इझुलू लियाना', आभाळ बरसतंय. म्हणजे ह्या लोकांच्या स्वतःच्या नावातच आभाळ आहे, मग लेकीच्या नावात पाऊस आला तर त्यात नवल ते काय.

देवीचं म्हणाल तर नोम्वुला हे देवीचं नाव नाही, पण पावसाची देवी झुलूंकडे आहे, आणि तिच्या नावातही तोच 'नो' आहे, नोमखुबुल्वाने. आकाशाची राजकन्या म्हणतात तिला. पाऊस, धुकं, इंद्रधनुष्य, शेताचं पिकणं आणि बायकांचं लेकुरवाळं होणं हे सगळं तिच्याकडे. तिच्यासाठी पोरीबायका एक छोटा तुकडा पेरायच्या, तिथे घरची ज्वारीची बिअर ओतायच्या आणि तो तुकडा तिच्या नावाने सोडून द्यायच्या. मला सगळ्यात आवडतो तो त्यातला पुढचा भाग. झुलूंकडे गुरं हे काम पूर्ण पुरुषांचं, बाईने गोठ्याशी फार जवळीक करायची नाही असे कडक नियम, आणि नोमखुबुल्वानेच्या दिवशी मात्र मुली भावांचे कपडे घालून गुरं घेऊन रानात जायच्या, दिवसभर गुराखी त्याच. पाऊस यावा, पीक यावं म्हणून. मधे ही प्रथा बरीच मागे पडली होती, १९९० च्या दशकात काही बायकांनी पुढाकार घेऊन ती परत सुरू केली. तर मुलीचं नाव पावसावरून ठेवताना देवी मनात असेलच असं नाही, पण पाऊस आणि बाई हे नातं त्या मातीत फार जुनं आहे.

आता न्तोंबिझोद्वा. ह्यावर मला जरा सविस्तर लिहायचंय कारण तुम्हाला वाईट वाटलं ते मला कळतं, पण ते नकुशी नाही आजी.

इन्तोंबी म्हणजे मुलगी, झोद्वा म्हणजे फक्त, नुसत्या. म्हणजे सूनबाईंनी सांगितलेला अर्थ बरोबरच आहे. पण झुलू नाव बऱ्याचदा एक अख्खं वाक्य असतं आणि ते वाक्य त्या क्षणी घरात काय चाललंय ते सांगतं. सिबोंगिले म्हणजे आम्ही आभारी आहोत. थांडिवे म्हणजे जिच्यावर प्रेम झालंय ती. दुदुझिले, हे नाव घरात नुकतंच कुणी गेलेलं असेल आणि त्यानंतर मुलगी झाली तर ठेवतात, तिने सांत्वन केलं असा अर्थ. न्तोंबिफुथी म्हणजे परत मुलगी. झानेले म्हणजे पुरे झाल्या आता. नोंकुलुलेको म्हणजे स्वातंत्र्य. इतकंच नाही तर शेजाऱ्याशी, जावेशी, सासूशी काही बिनसलं असेल तर तेही नावात घालतात, म्हणजे थेट भांडण नको पण रोज हाक मारताना ऐकणाऱ्याला ऐकू तर जाईल, आणि हे माणसांच्या नावांपुरतंच नाही, घरच्या कुत्र्याचं नावसुद्धा शेजाऱ्याला निरोप म्हणून ठेवायची पद्धत तिथे आहे, अभ्यासकांनी त्यावर भरपूर लिहिलंय. मोठ्याने भांडायचं नाही पण मनातलं सांगायचं, त्यासाठी नाव.

त्यामुळे न्तोंबिझोद्वा म्हणजे बापाने नाहीतर आजीने केलेली नोंद आहे, आमच्याकडे सगळ्या मुलीच झाल्या. त्यात थोडी खंत नसेलच असं मी म्हणणार नाही. झुलू घराणं बापाकडून चालतं, मुलगा हवा ही ओढ तिथेही आहे, आणि झानेले किंवा न्तोंबिफुथी ह्या नावांत ती ऐकू येते. पण मुलगी म्हणजे ओझं हा जो आपल्याकडचा विचार नकुशीच्या मुळाशी आहे तो तिथे तसा उभाच राहत नाही, कारण लग्नात पैसा उलट्या दिशेने जातो. मुलाकडचे मुलीच्या बापाला इलोबोलो देतात, परंपरेने अकरा गायी, त्यातली एक खास मुलीच्या आईची, तिच्यावर दुसऱ्या कुणाचा हक्क नाही. आजकाल गायींऐवजी बहुतेक रोख रक्कम देतात आणि तिच्यावरून वादही होतात, मुलगी विकत घेतली असं पुरुषाला वाटायला लागतं असं तिथल्या कितीतरी बायकाच म्हणतात, ते म्हणणं मला पटतं. पण निदान लेक झाली म्हणून घर बुडालं अशी भीती त्या व्यवस्थेत नाही. आणि थोरल्या मुलीचा मान तर फार मोठा, तिला माफुंग्वासे म्हणतात, जिची शपथ घ्यायची ती, भाऊ खरं बोलतोय हे पटवायला बहिणीचं नाव घेऊन शपथ घेतो.

आपल्या नकुशीचं काय होतं, तर त्या नावात त्या मुलीलाच सांगितलेलं असायचं की तू नको होतीस. म्हणून तर २०११ मध्ये साताऱ्यात कार्यक्रम घेऊन २८५ मुलींना नवीन नावं दिली. न्तोंबिझोद्वा नावाच्या बाया दक्षिण आफ्रिकेत ठिकठिकाणी भेटतात, लाडात नुसतं झोद्वा म्हणतात, मोठ्या झाल्यावरही हेच नाव अभिमानाने लावतात. आणि तुमच्या पत्रातलीच एक गोष्ट मला फार भावली. तिसरी झाली तेव्हा ह्या घराने मुली मोजल्या, आणि चौथी झाली तेव्हा झानेले, पुरे आता, असं नाव सहज ठेवता आलं असतं. त्यांनी ठेवलं नाही. त्या दिवशी पाऊस पडत होता तर त्यांनी पाऊस ठेवला. हा माझा अंदाज आहे हां, खरी गोष्ट त्यांच्या घरीच विचारा, आणि बिनधास्त विचारा, नावामागची गोष्ट विचारलेली झुलू माणसांना आवडते.

बारशासारखं काही असतं का असं तुम्ही विचारलं नाहीत पण तिकडे गेल्यावर कानावर येईलच म्हणून सांगते. इंबेलेको नावाचा विधी असतो, बकरं कापून बाळाची पूर्वजांशी ओळख करून देतात, इंपेफो नावाची वनस्पती धुपासारखी जाळतात, घराण्याची नावं घेतात, आणि त्याच बकऱ्याच्या कातड्याचं कडं बाळाच्या मनगटात घालतात, त्याला इसिफांद्ला म्हणतात. लहान काय, मोठ्या माणसांच्या हातातही केसाळ कातड्याचं कडं दिसलं तर समजा घरी नुकतंच काही कार्य झालंय. उगाच 'हे काय घातलंय' म्हणून हात लावू नका.

आणि पाळणाघरात तिला सगळे नोम्वुला म्हणून हाक मारतात ही साधी गोष्ट नाही बरं का. कितीतरी पिढ्या झुलू पोरांना दोन नावं असायची, एक घरचं आणि एक शाळेचं, शाळेचं म्हणजे इंग्रजी, मिशनऱ्यांच्या काळापासूनची पद्धत. गोऱ्या मास्तरांना, मालकांना घरचं नाव उच्चारता यायचं नाही, शिकायची तयारीही नसायची, म्हणून पोराने नाव बदलायचं. १९६० चं शांततेचं नोबेल मिळालेले आल्बर्ट लुथुली, आफ्रिकेतले पहिले नोबेल शांतता विजेते, जगाला आल्बर्ट म्हणून माहीत, पण त्यांना स्वतःला आवडायचं ते त्यांचं झुलू नाव, म्वुंबी. आणि म्वुंबीचा अर्थ काय माहितीये? सतत लागून राहिलेला पाऊस! १९९४ ला लोकशाही आल्यावर नुसतं आपल्या भाषेतलं नाव ठेवायचं प्रमाण वाढत गेलं. म्हणून माझी एक विनंती, तुमच्या नातीच्या तोंडात कदाचित 'नोमी' वगैरे बसलं असेल, लेकरांचं एकमेकांत काही हरकत नाही, पण आपण मोठ्यांनी पूर्ण नाव घ्यावं.

आता उच्चार, ह्यात आपण मराठी लोक नशीबवान आहोत. झुलूमध्ये शेवटून दुसरा स्वर लांबवतात, म्हणून तुम्ही नोम्वुला लिहिलंत तरी म्हणताना नोम्‑वूऽ‑ला, 'वू' वर जरा रेंगाळायचं. 'व' म्हणताना वरचे दात खालच्या ओठाला लागू द्या. थांडिवे, सिफो, खुमालो ह्यातले थ, फ, ख आपल्यासारखेच हवा सोडून म्हणायचे, इंग्रजी वाचून लोक सिफोतला फ 'फॅन'सारखा म्हणतात तो चुकीचा, आपल्या 'फळा'तला हवा. वाक्यात तुम्हाला 'उनोम्वुला' ऐकू येईल, घाबरू नका, कुणाबद्दल बोलताना नावापुढे 'उ' लागतो आणि हाक मारताना तो गळतो.

अवघड आहेत ते टिचकीचे आवाज, झुलूत तसे मुख्य तीन. एक तर आपण हळहळताना च्च च्च करतो ना, तोच, तो नोमसेबो ह्या नावात येतो, देवनागरीत 'से' लिहावं लागतं पण म्हणताना तिथे ती टिचकी. दुसरा जीभ टाळूला चिकटवून टॉक करून सोडायची तो. आणि तिसरा गालाच्या बाजूने, गाडीवान बैलांना हाकताना काढतात तसा. भाषातज्ज्ञ सांगतात की हे आवाज झुलूचे मूळचे नाहीत, त्या प्रदेशात आधीपासून राहणाऱ्या खोइ आणि सान लोकांच्या भाषांमधून आले, आणि त्यात सुनांचा वाटा असावा असा एक विचार आहे. झुलू सुनेने सासऱ्याचं नाव तर घ्यायचंच नाही, पण त्या नावातली अक्षरं दुसऱ्या शब्दांत आली तर ते शब्दही टाळायचे, ह्याला ह्लोनिफा म्हणतात, मग त्या बायका नवीन शब्द, नवीन आवाज शोधायच्या. तुमच्या पिढीने नवऱ्याचं नाव न घेता संसार केला, तुम्हाला हे लगेच समजेल. सुदैवाने नोम्वुलात एकही टिचकी नाही.

भेटल्यावर तिला म्हणा 'सावुबोना नोम्वूऽला', ती 'येबो' म्हणेल. घरात चारजण बसले असतील तर 'सानिबोनानी'. तुम्हाला ती गोगो म्हणेल, म्हणजे आजी. तिच्या आईला मात्र नावाने हाक मारू नका, लग्न झालेल्या बाईला तिच्या माहेरच्या आडनावापुढे 'मा' लावून हाक मारतात, म्हणजे माहेर म्खिझे असेल तर मा‑म्खिझे, आणि हे तिचं जन्मभर राहतं, आपल्याकडे लग्नात मुलीचं पाळण्यातलं नावच तांदळात पुसून टाकायचे त्याच्या बरोबर उलट. तेव्हा निघायच्या आधी सुनेला सांगून त्यांचं माहेरचं आडनाव तेवढं विचारून ठेवा.