जातपंचायतीवर फिल्म करणाऱ्या मुलीस

अनेक आशीर्वाद.

रफ कट पाहिला. वाळीत टाकलेल्या त्या बाईंची मुलाखत सोडली, तर बाकी कशालाही कात्री लावता येईल. दुकानदार मीठसुद्धा देत नाही, हे सांगताना त्या पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहतात. तो शॉट पूर्ण ठेव. वर संगीत टाकलंस तर माझ्याशी गाठ आहे.

फाळके आपल्या त्र्यंबकचे, हे तू निधीच्या अर्जात मिरवलंयस. मिरव. पण १९१३ साली त्यांना ‘राजा हरिश्चंद्र’मधल्या तारामतीसाठी बाई मिळेना, अण्णा साळुंक्यांनी ती भूमिका केली. तुझ्यासमोर एक बाई नावागावासकट बसल्यात. तू कॅमेरा गुंडाळून नाशिकच्या गंगापूर रोडला येशील, त्यांना पाणी त्याच नळावर भरायचंय. म्हणून फेस्टिव्हलला पाठवण्याआधी लॅपटॉप घेऊन त्यांच्याकडे जा. ‘हे नको’ म्हणाल्या तर काढ. संमतीच्या सहीचा कागद पुढे करू नकोस. सही केली तेव्हा फिल्म कशी होणार, हे त्यांना कुठे माहीत होतं?

सामाजिक बहिष्काराविरुद्ध २०१६ चा कायदा आहे, ३ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. तक्रार करायची की नाही ते त्या ठरवतील. तुला शेवट हवा म्हणून त्यांना पोलीस ठाण्याची पायरी चढायला लावू नकोस.

पंचांवर खालून लाइट मारलास, ते मला मुळीच आवडलं नाही. नाटकातला राक्षस वाटतो. ते स्वतःच्या तोंडाने ‘समाजाची शिस्त’ म्हणतात ना, तेवढं पुरे. त्यांना अजून बोलू दे, मध्ये तोंड घालू नकोस.

सेन्सॉरचं थोडक्यात. थिएटरात लावायची तर प्रमाणपत्र लागणारच. कट सुचवले तर कारणं लेखी माग. अपिलाचं न्यायाधिकरण २०२१ मध्ये गुंडाळलं, आता थेट हायकोर्ट. वकिलाची फी आजच बजेटमध्ये धर. प्रमाणपत्र मिळाल्यावरही कुणी ‘खेळ बंद पाडू’ म्हणालं, तर वकिलाला १९८९ च्या रंगराजन खटल्याची आठवण कर. निदर्शनांच्या धमकीला घाबरून फिल्म दाबता येणार नाही, असं सुप्रीम कोर्टाने त्यात बजावलंय.

सगळ्या फुटेजच्या दोन हार्ड डिस्क कर, एक घराबाहेर ठेव. शनिवारी ये, पंचांचा सीन पुन्हा पाहू. येताना हेडफोन आण, माझा एका कानाने बंद पडलाय.