भूतानसारख्या डोंगराळ देशाचा विकास कशाच्या जोरावर झाला?

मुख्यतः पाण्याच्या. भारताच्या सीमेवरचं फुंत्शोलिंग जेमतेम तीनशे मीटर उंचीवर आहे आणि उत्तरेला शिखरं थेट सात हजारांच्या वर. एवढ्याशा अंतरात इतका उतार, त्यामुळे नद्यांना जबरदस्त जोर. १९८० च्या दशकात भारताच्या मदतीने चुखा जलविद्युत प्रकल्प (३३६ मेगावॉट) झाला, नंतर ताला (१०२० मेगावॉट). पावसाळ्यात उरलेली वीज भारताला विकतात. हिवाळ्यात नद्यांचं पाणी घटतं, तेव्हा उलट भारताकडून घ्यावी लागते. ही अडचण फारसं कुणी सांगत नाही.

१९६० पर्यंत तिथे मोटारीचा रस्ताच नव्हता, सगळी वाहतूक खेचरांवर किंवा माणसांच्या पाठीवर. टीव्ही आला १९९९ मध्ये. लोकसंख्या आजही आठ लाखांच्या आत. किमान ६० टक्के जमीन जंगलाखाली ठेवायची, हे तर राज्यघटनेतच लिहिलंय. मला ते फार मोलाचं वाटतं.

पण भूतानची ओळख ‘आनंदी देश’ अशी करून देतात, तेवढंच वाचून थांबू नका. १९९० च्या दशकात दक्षिणेतल्या नेपाळीभाषक ल्होत्शांपा समाजातल्या सुमारे एक लाख लोकांना देश सोडावा लागला. त्यांनी नेपाळमधल्या छावण्यांत वर्षानुवर्षं काढली, आणि पुढे बहुतेकांना अमेरिकेने सामावून घेतलं. आता शिकलेली तरुण मुलं नोकरीसाठी ऑस्ट्रेलियाची वाट धरतायत.