‘क्रिकेट ०७’ काही सुटत नाही!

प्रश्न: मुलानं हट्ट करून गेमिंग लॅपटॉप घेतला आणि त्यावर खेळतो काय, तर ‘क्रिकेट ०७’! तो पाळण्यात होता तेव्हाचा गेम. आता एवढे नवे नवे गेम आलेत, मग हाच का? – एक आई

उत्तर: ताई, तुमचा मुलगा काही एकटा नाहीये, निर्धास्त राहा. ईए स्पोर्ट्सचा हा गेम नोव्हेंबर २००६ मध्ये पीसी आणि प्लेस्टेशन २ वर आला, बनवला होता कॅनडाच्या एचबी स्टुडिओजनी, आणि त्यानंतर ईएनं पीसी-कन्सोलसाठी क्रिकेटचा गेम काढलाच नाही. लोक याबद्दल हळहळतात, मला मात्र वाटतं की तो टिकलाय तो त्यामुळेच. फुटबॉलच्या गेमचं बघा, दरवर्षी नवा यायचा की मागच्या वर्षीचा अडगळीत. इथे पुढचा भागच नाही म्हटल्यावर लोकांनी आहे तोच दुरुस्त करायला घेतला.

आणि दुरुस्तीला वाव भरपूर होता. खरी नावं वापरायचं लायसन्स इंग्लंड आणि ऑस्ट्रेलियाचं, त्यामुळे आपल्या टीमची नावं मोडतोड केलेली, चेहरे तर कुणाचे कुणाला! मग कुणीतरी रोस्टरची, म्हणजे खेळाडूंच्या यादीची, फाइल बदलून खरी नावं घातली, कुणी जर्सी बनवली, कुणी बॅटचे स्टिकर, कुणी अख्खं स्टेडियम, आणि २००८ ला आयपीएल सुरू झाल्यावर तीपण आत आली, जी गेम बनताना अस्तित्वातच नव्हती. हे सगळं हौशी पोरांनी, बहुतेक फुकटात. वैभव सूर्यवंशीचा जन्म २०११ चा, म्हणजे गेम त्याच्यापेक्षा मोठा, तरी रोस्टरमध्ये नाव टाकलं की तो ओपनिंगला येतो. गंमत अशी की स्क्रीनवर आजची टीम आणि कॉमेंट्रीला अजून रिची बेनो आणि मार्क निकोलस, बेनो जाऊन इतकी वर्षं झाली (२०१५ ला गेले) तरी इथे ते रोज संध्याकाळी ड्युटीवर असतात.

बाकी कारणं साधी आहेत. साध्या कॉम्प्युटरवर चालतो, नेट लागत नाही, पाच ओव्हरची मॅच जेवायला हाक येईपर्यंत होते. सर्व्हरच नाही त्यामुळे कंपनी काही बंदही करू शकत नाही. ॲशेसचा, म्हणजे इंग्लंड-ऑस्ट्रेलिया टेस्ट सिरीजचा, मोडपण आहे, खऱ्या २००६-०७ च्या सिरीजमध्ये इंग्लंड ५-० हरलं, इथे तुम्ही इंग्लंडच्या फ्लिंटॉफला घेऊन ते उलटं करू शकता (तोच तर कव्हरवर आहे). नवे गेम वाईट नाहीत हं, बिग अँट स्टुडिओजचे ‘डॉन ब्रॅडमन क्रिकेट १४’ किंवा ‘क्रिकेट २४’ दिसायला आणि खेळायला कितीतरी खरे वाटतात, पण बॅटिंग शिकेपर्यंत जीव जातो. आणि मधे ‘ॲशेस क्रिकेट २०१३’ नावाचा एक आला होता तो इतका तुटका निघाला की कंपनीला विक्रीतून काढून घ्यावा लागला. असं काही बघितलं की माणूस परत जुन्याकडे वळतो.

प्रश्न: माझ्याकडे ओरिजिनल सीडी आहे पण नव्या लॅपटॉपवर चालत नाही. काय करू?

उत्तर: दोष तुमचा नाही आणि सीडीचाही नाही. त्या काळच्या बऱ्याच गेम डिस्कवर जे कॉपी-प्रोटेक्शन (नक्कल रोखणारं कुलूप) असायचं ते विंडोज १० पासून चालूच देत नाहीत, सुरक्षेच्या कारणानं. इन्स्टॉल होत असेल तर प्रोग्राम फाइल्समध्ये न टाकता दुसऱ्या फोल्डरमध्ये टाका, मग आयकॉनवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमधल्या कम्पॅटिबिलिटीत विंडोज एक्सपी निवडा आणि ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा. तरी नाही झालं तर जुना एक्सपीवाला डबा घरात पडला असेल तो झटकून काढा, सगळ्यात कमी डोकेदुखी त्यात. कुठल्यातरी साइटवरून ‘फुल्ल व्हर्जन फ्री’ उतरवू नका, चोरीचा माल तो आहेच, वर गेमसोबत काय काय घरात येईल सांगता येत नाही. आणि पॅच (हौशी पोरांनी केलेल्या त्या दुरुस्तीच्या फाइली) टाकायच्या आधी अख्ख्या फोल्डरची कॉपी करून ठेवा, एक फाइल चुकली की गेम उघडतच नाही.

प्रश्न: मी वीस ओव्हरमध्ये ३०० मारतो, आता मजाच येत नाही.

उत्तर: येणार कशी, बॉल कुठे टप्पा खाणार ते पिचवर आधीच दिसतं, मग टायमिंग तेवढं जमवायचं आणि उचलायचा! डिफिकल्टी वाढवा, गेमप्ले बदलणारे पॅच मिळतात ते टाका, त्यात कडा लागतात आणि उचललेले शॉट सीमारेषेवर झेलले जातात. नाहीतर सरळ पाच दिवसांची टेस्ट खेळा, पहिल्या सेशनला ऑफ स्टंपबाहेरचे बॉल सोडून दाखवा आणि मग ३०० चा हिशोब आम्हाला कळवा.