पाळलेला कुत्रा मालकाला सारखा का चाटतो?

प्रेम आहेच, पण ते अर्धंच उत्तर झालं. लांडग्यांची पिल्लं शिकारीहून परतलेल्या आईचं तोंड चाटतात, मग ती पोटातलं अन्न ओकून त्यांना भरवते. कुत्र्यांमध्ये ती सवय स्वागताची खूण म्हणून उरली. म्हणून तुम्ही दारात चपला काढत असतानाच तो थेट तोंडाकडे झेपावतो.

दुसरं कारण घाम. ठाण्याच्या दमट हवेत तलावपाळीला फेरी मारून आलात की पोटऱ्या, कोपराची आतली बाजू खारट झालेली असते. तो नेमका तिथेच चाटत बसतो. त्यात आपण हसून "अरे माझ्या बाळा" म्हणत कुरवाळलं की सवय पक्की. नको असेल तर ओरडू नका, तेही त्याला लक्ष दिल्यासारखंच वाटतं. मुकाट्याने उठून बाजूला व्हा.

जखम, डोळे, तोंड मात्र चाटू देऊच नका. रेबीजची लस वेळेवर दिलेली असली तरी लाळेत कॅप्नोसायटोफॅगासारखे जिवाणू असतात. तान्ही बाळं, प्लीहा काढलेली किंवा प्रतिकारशक्ती कमी झालेली माणसं यांना जास्त जपा. आणि तो अचानक फरशी, भिंत किंवा स्वतःचेच पंजे चाटायला लागला, तर मळमळ, ॲलर्जी, अस्वस्थपणा असं काहीही असू शकतं. पशुवैद्याला दाखवाच.